नैसर्गिक ब्रायडल मेकअप कसा ठरवायचा: लग्न ठरलेल्या मुलीसाठी पायरीपायरीने

"ताई, मेकअप केलाय असं वाटायला नको." लग्न ठरलेली मुलगी पहिल्या भेटीत हे म्हणते, आणि शेजारी बसलेली तिची आई लगेच म्हणते, "पण नवरी उठून दिसली पाहिजे हं." पुण्यात आणि आसपासच्या गावांत नवरी नटवण्याचं काम मी बरीच वर्षं करते आहे, आणि या दोन वाक्यांमधून वाट काढण्यातच माझा निम्मा वेळ जातो. दोघींचंही बरोबर असतं. मुलीला आरशात स्वतःचाच चेहरा हवा असतो. आईला माहीत असतं की जरीच्या साडीत, दागिन्यांत, मुंडावळ्यांत आणि व्हिडिओच्या दिव्याखाली रोजचं काजळ-लिपस्टिक पार हरवून जातं.

पहिल्यांदाच याचा विचार करत असशील तर पुढचं सगळं तुझ्यासाठी आहे. मी पार्लरमध्ये मुलींशी बोलते तसंच, 'तू' म्हणून लिहिते आहे.

आधी दिवस कागदावर मांड

मेकअपचे फोटो बघत बसण्याआधी एक कागद घे आणि लग्नाच्या दिवशी काय काय होणार ते वेळेसकट लिहून काढ. हळद आदल्या दिवशी आहे की त्याच सकाळी? गौरीहराला किती वाजता बसायचं? मुहूर्त सकाळचा, भर दुपारचा की गोरज? होम किती वेळ चालेल? (हे थेट गुरुजींना विचार. अर्धा तास आणि दोन तास यात मेकअपच्या दृष्टीने फार फरक आहे.) हॉल एसी आहे की लॉनवर मांडव? रिसेप्शन त्याच संध्याकाळी आहे का, आणि मध्ये चेहरा धुवायला वेळ आणि खोली मिळणार आहे का?

हा कागद झाला की निम्मे निर्णय आपोआप होतात. मे महिन्यात चिपळूणला साडेबाराचा मुहूर्त असेल तर चेहऱ्यावर काहीही जाडसर थापलं की घामाने तासाभरात सरकायला लागतं. तिथे पातळ बेस (म्हणजे फाउंडेशन, चेहऱ्याचा रंग एकसारखा करणारा पहिला थर), कपाळ-नाक-हनुवटीवर पावडर आणि गालांवर जवळजवळ काही नाही, एवढंच टिकतं. तोच मेकअप डिसेंबरात नाशिकला सकाळी नऊच्या मुहूर्ताला केला तर पावडर त्वचेच्या कोरडेपणात जाऊन बसेल आणि ओठांच्या कडेला भेगा दिसतील. गोरज मुहूर्ताला उजेड सोनेरी असतो आणि अर्ध्या तासात तो जाऊन दिवे लागतात, म्हणजे एकच चेहरा दोन वेगळ्या प्रकाशांत दिसणार. इंटरनेटवरच्या फोटोतली मुलगी बहुतेक वेळा स्टुडिओत, खिडकीजवळ, बिनघामाची बसलेली असते. तिच्यासमोर होम पेटलेला नसतो.

'नैसर्गिक' म्हणजे काय, ते तुझ्या शब्दांत सांग

हा शब्द प्रत्येकीचा वेगळा असतो, आणि गैरसमज इथूनच सुरू होतात. एखादीला त्वचेची छिद्रं, तीळ, वांगाचे बारीक डागसुद्धा थोडे दिसलेले चालतात, फक्त चेहरा ताजा हवा. दुसरीला मुरमांचे डाग पूर्ण झाकायचे असतात, पण रंग तिचा स्वतःचाच हवा. तिसरीचं म्हणणं एवढंच, की डोळ्यांवर चमकी आणि खोट्या पापण्या नकोत. तिघीही "नॅचरल हवा" असंच म्हणतात.

म्हणून तीन गोष्टी लिहून ठेव. रोज तू चेहऱ्याला काय लावतेस. चेहऱ्यावरचं काय झाकायचं आहे. आणि काय अजिबात झाकायचं नाही. तिसऱ्या प्रश्नाला मुली थबकतात, पण तोच सगळ्यात कामाचा आहे. वरच्या ओठाजवळचा तीळ, हसताना दिसणारी खळी, जाड भुवया. हे जपायचं असं आधी सांगितलं तर माझ्यासारखीचा हात तिथे हलका पडतो.

नट्यांच्या फोटोंऐवजी स्वतःचे तीन-चार फोटो आण, ज्यांत तू तुला आवडतेस. एखादा मैत्रिणीच्या लग्नातला, एखादा सहलीतला. त्यांतून मला तुझ्या ओठांचा मूळ रंग कळतो, तू हसताना डोळे किती बारीक होतात ते कळतं, आणि तुला स्वतःकडे कशा नजरेने बघायला आवडतं तेही कळतं.

एक गोष्ट मात्र मनातून काढून टाक: नैसर्गिक मेकअप म्हणजे थोडा मेकअप, झटपट आणि स्वस्त. कॅमेरा रंग खातो. गालावर आरशात नीट वाटणारी लाली फोटोत नाहीशी होते. त्यामुळे नैसर्गिक दिसण्यासाठी पातळ पातळ थर द्यावे लागतात, प्रत्येक थर स्पंजने थोपटून त्वचेत बसवावा लागतो, आणि त्याला जाड मेकअपपेक्षा जास्तच वेळ लागतो.

रंगाबद्दल आधीच बोलून घे

हे मला मनापासून सांगायचं आहे. माझ्या कामाच्या सुरुवातीच्या काळात एका सावळ्या, फार सुंदर मुलीला मी घरातल्यांच्या आग्रहाखातर दोन शेड उजळ बेस लावला. सगळ्या खूश झाल्या. महिनाभराने अल्बम आला तेव्हा प्रत्येक फोटोत चेहरा एका रंगाचा आणि हिरव्या चुड्यातले हात दुसऱ्या रंगाचे. कन्यादानाच्या फोटोत तर हातच मध्यभागी असतात. ती मुलगी काही बोलली नाही, पण मला तो अल्बम विसरता आलेला नाही. तेव्हापासून मी मानेच्या आणि हातांच्या रंगाला सोडून बेस लावत नाही.

'फेअर अँड लव्हली' या क्रीमचं नाव 2020 मध्ये बदलून 'ग्लो अँड लव्हली' झालं, पण लग्नघरात "जरा उजळ कर गं तिला" हे अजूनही ऐकू येतं. आत्या-काकूंनी हे म्हणायच्या आत तूच सांगून टाक: शेड माझ्या मानेशी जुळणारी हवी. आईला ट्रायलला, म्हणजे लग्नाआधी मेकअप करून बघतो त्या दिवशी, घेऊन ये आणि तुझ्या चेहऱ्याच्या एका बाजूला उजळ, दुसऱ्या बाजूला बरोबर शेड लावून, उजेडात उभं राहून तिला दाखव. डोळ्यांनी बघितलं की आया पटकन तयार होतात, असा माझा अनुभव आहे.

आणि लग्नाच्या आधी "गोरं करणारं" कुठलंही मलम औषधाच्या दुकानातून स्वतःहून आणू नकोस. बीटामेथासोन, क्लोबेटासॉल, मोमेटासोन ही नावं ट्यूबवर असली तर ती स्टेरॉइडं आहेत. सुरुवातीला चेहरा खरंच उजळतो, मग त्वचा पातळ होते, लाल पडते, पुरळ येतं, केसही वाढतात, आणि मलम थांबवल्यावर चेहरा पेटल्यासारखा होतो. 2018 मध्ये केंद्र सरकारने अशी अनेक मलमं शेड्यूल एच मध्ये घातली, म्हणजे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय ती विकता येत नाहीत. तरीही ती घरोघरी सापडतात. असं काही आधीच लावत असशील तर एकदम बंदही करू नकोस, त्वचारोगतज्ज्ञांना दाखव.

त्वचेची तयारी: तारखेपासून मागे मोजत ये

त्वचेचा वरचा थर नवा व्हायला साधारण चार आठवडे लागतात. त्यामुळे मुरुमं, वांग, खड्डे यांसाठी डॉक्टरांकडे जायचं असेल तर निदान तीन-चार महिने आधी जा. साखरपुड्यानंतर लगेच गेलीस तर उत्तम. केमिकल पील (औषध लावून त्वचेचा वरचा थर काढणं) वगैरे काही सांगितलं तर शेवटचं लग्नाच्या किमान महिनाभर आधी संपलं पाहिजे. नथीसाठी नाक टोचायचं असेल तर तेही असंच काही महिने आधी, कारण नाकाची जखम आतून पूर्ण भरायला काही महिने लागतात आणि ओल्या जखमेवर वजनदार नथ म्हणजे हाल.

शेवटच्या महिन्यात नवीन काहीही सुरू करायचं नाही. मैत्रिणीने दिलेलं सीरम नाही, नवा साबण नाही, लिंबू-बेसनाचा लेप तर नाहीच. लिंबाच्या आम्लाने त्वचा सोलवटते आणि त्यावर ऊन लागलं की काळे डाग पडतात. जे रोज लावतेस तेच लाव: सौम्य फेसवॉश, मॉइश्चरायझर, दिवसा सनस्क्रीन. फेशियल करायचं असेल तर आठ-दहा दिवस आधी, आणि आधी कधी तरी केलेलंच. भुवया आणि ओठांवरचं थ्रेडिंग दोन-तीन दिवस आधी, म्हणजे लाली उतरते. रेटिनॉल लावत असशील तर चेहऱ्याला वॅक्स लावू नकोस, कातडी निघून येते. मी हे दोनदा पाहिलं आहे.

ओठ विसरू नकोस. पंधरा दिवस रोज रात्री साजूक तूप किंवा व्हॅसलीन लावलं की लिपस्टिक ओठांवर नीट बसते.

मेकअप कोणाकडून करून घ्यायचा

इन्स्टाग्रामवरचे फोटो बघताना दोन गोष्टी शोध. तुझ्या रंगाच्या मुली त्या कामात आहेत का, आणि फिल्टर नसलेले, दिवसाउजेडी घेतलेले व्हिडिओ आहेत का. स्थिर फोटोत त्वचा गुळगुळीत करता येते, चालत्या व्हिडिओत खरी दिसते. जमलं तर त्या मेकअप करणारीने नटवलेल्या एखाद्या मुलीशी फोनवर बोल आणि एवढंच विचार: "होम संपेपर्यंत कसा राहिला होता?"

मग पैशांचं. ठरलेल्या रकमेत काय काय धरलं आहे ते व्हॉट्सॲपवर लिहून घे: ट्रायल, केस, साडी नेसवणं, प्रवास, दुसरा लुक, टचअपसाठी थांबणं, मदतनीस. लग्नाच्या सकाळी "नऊवारीचे वेगळे" हे ऐकायची वेळ कोणावरही येऊ नये. त्या दिवशी ती स्वतः येणार की तिची मदतनीस, हेही विचार.

'एचडी' आणि 'एअरब्रश' हे शब्द ऐकशील. एचडी म्हणजे साधारणपणे बारीक दळलेल्या रंगांचा, ब्रश-स्पंजने लावलेला बेस. नाव मोठं असलं तरी परिणाम हातावरच अवलंबून. एअरब्रशमध्ये लहान कॉम्प्रेसरने रंगाची फवारणी करतात, थर फार पातळ येतो आणि घामात चांगला टिकतो. पण त्यावरून अश्रूंचा ओघळ गेला की तो पट्टा पुन्हा सांधायला अवघड जातं. पाठवणीला, किंवा त्याआधीच, तू रडणार आहेस हे माहीत असेल तर मी ब्रशचाच मेकअप सुचवीन.

स्वच्छता बघ. लिपस्टिक थेट ओठांना न लावता पट्टीवर काढून ब्रशने लावते का? मस्काऱ्याचा ब्रश प्रत्येकीला नवा आहे का? डोळे आले तर लग्नात दुसरं काही सुचणार नाही. डब्यांच्या मागे उघड्या झाकणाच्या डबीचं चिन्ह असतं आणि त्यात 6एम, 12एम असं लिहिलेलं असतं. उघडल्यापासून तेवढेच महिने ते वापरायचं. मस्कारा तर तीन महिन्यांपलीकडे ठेवू नये.

ट्रायल: इथे घाई करू नकोस

सगळ्या तयारीत एका गोष्टीवर पैसे आणि वेळ खर्च करायचा असेल तर तो इथे कर. लग्नाच्या महिना-दीड महिना आधी, सकाळी किंवा दुपारी, खिडकीजवळ. संध्याकाळी पिवळ्या बल्बखाली केलेली ट्रायल फसवते. पिवळ्या दिव्यात छान वाटलेला बेस दुसऱ्या दिवशी मांडवातल्या उजेडात राखाडी दिसतो.

परदेशातून लग्नासाठी येणाऱ्या मुली व्हिडिओ कॉलवर सगळं ठरवायला बघतात. डोळे, केस, ओठ ठरवता येतात. बेसची शेड मात्र आल्यावर, प्रत्यक्षच. थंड देशातून आलेल्या त्वचेचा रंग इथल्या उन्हात आठवडाभरात बदलतो.

ट्रायलला येताना साडी आण, निदान तिचा पदर आणि ब्लाउज. बऱ्याच घरांत गौरीहराला मामाकडची पिवळी अष्टपुत्री नेसतात, आणि पिवळ्या कापडावरून उसळलेला उजेड हनुवटी-गालांवर पडून चेहरा पिवळट दिसतो. तेव्हा लाली थोडी गुलाबी घ्यावी लागते. जांभळ्या किंवा हिरव्या पैठणीवर तेवढी गरज नसते. नथ, चंद्रकोर, मुंडावळ्या, सगळं आण. चष्मा वापरत असशील आणि लेन्स लावणार असशील तर त्याही. लेन्स नेहमी मेकअपच्या आधी घालायच्या आणि रात्री मेकअप काढायच्या आधी काढायच्या. होमाच्या धुरात लेन्स सहन होत नसतील तर चष्म्यासकट बोहल्यावर उभी राहा. मी अशा नवऱ्यामुली नटवल्या आहेत, फार गोड दिसतात. त्यांना डोळ्यांवर थोडी गडद रेघ द्यावी लागते, एवढंच.

बेसची शेड मनगटावर बघू नकोस. जबड्याच्या कडेवर, गाल आणि मान दोन्हींना शिवेल अशा तीन उभ्या रेघा ओढायच्या, आणि वीस मिनिटं थांबायचं. बरेच बेस हवेने आणि त्वचेच्या तेलाने थोड्या वेळात गडद किंवा नारिंगी होतात. वीस मिनिटांनी जी रेघ शोधावी लागेल, ती तुझी शेड. मनगटावरच्या शिरा हिरव्या की निळ्या यावरून अंडरटोन, म्हणजे त्वचेच्या रंगाखालची पिवळट किंवा गुलाबी झाक, सांगतात, पण आपल्याकडच्या त्वचेवर ते दर वेळी जमत नाही. माझा विश्वास या रेघांवर.

मग फ्लॅश. खोलीतले दिवे बंद करून फोनच्या फ्लॅशने फोटो काढ. चेहरा पांढरट, भुतासारखा आला तर त्यात झिंक ऑक्साइड, टायटॅनियम डायऑक्साइड किंवा सिलिकाची पावडर जास्त झाली आहे. ते कण फ्लॅश परत फेकतात. आरशात हे कधीच कळत नाही.

ॲलर्जीसाठी कानामागे किंवा कोपराच्या आतल्या बाजूला बेस आणि पापण्यांचा गोंद थोडा लावून दोन दिवस बघ. ट्रायलच्या चार दिवस आधी जाऊन हे करून घेतलंस तर उत्तम.

शेवटचं, आणि हे कुणी सांगत नाही: ट्रायल झाली की चेहरा धुऊ नकोस. तशीच घरी जा. स्कूटरवर जा, जेव, आईला मिठी मार, ओट्यापाशी फोडणी देत दहा मिनिटं उभी राहा. दर दोन तासांनी एकाच खिडकीत एक फोटो काढ. सहा तासांनी नाकाच्या कडेला काय झालं, डोळ्यांखाली रेघ पडली का, लिपस्टिक कुठून उतरली, हे सगळं लिहून मला पाठव. त्यावरूनच मी खरा निर्णय घेते.

हळदीचा पिवळेपणा

हळद त्याच सकाळी असेल तर चेहऱ्यावर राहिलेला पिवळा रंग बेसची शेड बिघडवतो. हळदीचा रंग पाण्यात फारसा सुटत नाही, तेलात सुटतो. म्हणून आधी खोबरेल तेलाने हलक्या हाताने पुसून काढ, मग सौम्य फेसवॉश. साध्या अंगाच्या साबणाने घासू नकोस. साबण अल्कधर्मी असतो आणि त्याने हळद लालसर होते (कुंकू तयार करताना हळदीला चुना लावतात, तोच प्रकार). मी घरच्यांना सांगते की मुलीच्या गालांना बोटभर लावा आणि हातापायांना मनसोक्त. ऐकतात. ज्या घरात चेहऱ्यालाही भरपूर लावायची रीत आहे तिथे हळद आदल्या दिवशी ठेवता येते का ते विचार.

चेहऱ्यावर कुठे किती

बेस पूर्ण चेहऱ्यावर एकसारखा नको. डाग असतील तिथे कन्सीलर (डाग झाकणारा घट्ट रंग), बाकी ठिकाणी त्वचा दिसेल इतकाच. डोळ्यांखालची काळी वर्तुळं नुसत्या उजळ कन्सीलरने झाकली की राखाडी होतात. आधी पीच किंवा नारिंगी करेक्टर अगदी थोडा, मग त्वचेच्या रंगाचा कन्सीलर.

कपाळाचं गणित वेगळं आहे. औक्षण करताना प्रत्येक काकू-मावशी हळदीकुंकू लावणार, वर मुंडावळ्या, मध्ये चंद्रकोर. कपाळ तेलकट राहिलं तर कुंकवाची पूड पसरून लाल डाग होतो. तिथे बेस पातळ आणि पावडर पक्की हवी. मुंडावळ्यांच्या लडी दोन्ही कानशिलांवरून गालांपर्यंत घासतात. चमक आणणारा हायलायटर नेमका तिथेच लावायची पद्धत आहे, आणि तासाभरात त्याचे पट्टे पडतात. मी लाली थोडी आत, गालाच्या फुगवट्यावर घेते आणि कानशिलं कोरी ठेवते.

नथ चापाची असेल तर नाकपुडीवर जिथे चाप बसणार तेवढा बेस पुसून टाकून पावडर लावायची, नाहीतर ती सरकत राहते आणि तू दिवसभर नाकाला हात लावत बसतेस.

डोळे. होमात तूप आणि समिधा पडल्या की धूर थेट तुझ्याकडे येणार आणि डोळ्यांतून पाणी येणारच. खालच्या पापणीच्या आतलं काजळ अर्ध्या तासात गालावर उतरतं. म्हणून वरच्या पापण्यांच्या मुळाशी वॉटरप्रूफ पेन्सिलची बारीक रेघ भरायची आणि तिच्यावर त्याच रंगाची कोरडी पावडर दाबायची. खाली फक्त बाहेरच्या कोपऱ्यात तपकिरी सावली. घरच्या रीतीनुसार आई काजळाचं बोट लावणार असेल तर ते कानामागे लावू दे. खोट्या पापण्या नको असतील तर नकोतच, हवं असेल तर कोपऱ्यात दोन-तीन सुट्या पापण्या लावल्या की कुणाला कळत नाही.

ओठांवर फिकट न्यूड रंग टाळ, असं माझं ठाम मत आहे. फोनमधल्या गोऱ्या मुलीला शोभणारा तो रंग आपल्या त्वचेवर आजारी दिसतो, त्यातून उपास करून बसलेली नवरी असेल तर जास्तच. स्वतःच्या ओठांपेक्षा एक-दोन छटा गडद घे: विटकरी, मरून, डाळिंबी. कमी रंग म्हणजे नैसर्गिक असं ओठांच्या बाबतीत धरून चालू नकोस. चकचकीत ग्लॉसला केस चिकटतात, अक्षताही चिकटतात, आणि रंगवलेल्या अक्षता ओल्या जागी कुंकवाचा ठिपका सोडतात.

लग्नाच्या सकाळी

मुहूर्ताच्या किमान तीन तास आधी बसायचं, त्यात अर्धा तास उशिरासाठी धरलेला. समोरून बटणं असलेला शर्ट किंवा गाऊन घाल, डोक्यावरून काढायचा कपडा नको. आधी पोटभर खा. पोहे, उपमा, काहीही. उपास असेल तर दूध-केळं घे आणि पाणी पीत राहा. त्वचा आतून कोरडी पडली की बेस तडकतो.

माझा क्रम असा: मॉइश्चरायझर लावून दहा मिनिटं थांबायचं, मग बेस आणि डोळे, मग केस, मग साडी, मग दागिने, शेवटी ओठ, गजरा आणि टिकली. नऊवारीला चांगली वीस-पंचवीस मिनिटं लागतात आणि त्यात मुलीला घाम येतो, म्हणून पावडरचा शेवटचा हात साडी झाल्यावरच. मान, कान, पाठीचा उघडा भाग आणि हात विसरायचे नाहीत.

त्या खोलीत कोण असणार ते आदल्या दिवशी ठरव. तुझ्या बाजूने बोलणारी एकच व्यक्ती पुरे. सात जणी सात सल्ले देतात आणि मुलीच्या डोळ्यांत पाणी येतं, आणि ते मला बघवत नाही. माझी विनंती असते की मेकअप होईपर्यंत आई, करवली आणि मी, एवढ्याच.

करवलीच्या पिशवीत

टिपकागद, साधे टिश्यू, कापूस लावलेल्या काड्या, तीच लिपस्टिक, थोडी पावडर आणि ब्रश, जादा टिकल्या, सेफ्टी पिना, स्ट्रॉ. करवलीला ट्रायलला नेलंस तर फार उपयोग होतो, कारण दाबायचं, पुसायचं नाही, हे तिला हाताने दाखवता येतं. घाम आला की आधी टिपकागद दाबायचा, मग हवी असेल तरच पावडर. घामावरच पावडर मारली की लगदा होतो. अश्रू आले तर टिश्यूचं टोक डोळ्याच्या आतल्या कोपऱ्यात धरायचं, गालावर येऊ द्यायचे नाहीत. होम आणि सप्तपदी यांमध्ये गुरुजी थोडी उसंत देतात का, ते आधी विचारून तोच टचअपचा क्षण धरून ठेवावा.

रिसेप्शनसाठी

वेळ असेल तर धुऊन नव्याने कर. नसेल तर टिपून घे, डोळ्यांखालचं जमलेलं ओल्या स्पंजने उचल, ओठ गडद कर आणि पापणीवर थोडी चमक. सकाळच्या मेकअपवर पुन्हा पूर्ण बेस चढवू नकोस.

स्वतःच करणार असशील तर

शक्य आहे, आणि काही मुली सुरेख करतात. फक्त तीच उत्पादनं घेऊन निदान पाच वेळा पूर्ण सराव कर, घड्याळ लावून. शेवटचे दोन सराव पहाटे, झोपमोड झालेल्या चेहऱ्यावर. आणि त्या दिवशी साडी-केसांसाठी दुसरं कुणीतरी ठेव.

त्या रात्री

गृहप्रवेश, उखाणे, फोटो सगळं आटपेपर्यंत रात्र होते आणि सासरच्या न्हाणीघराची-बेसिनची सवय नसते. म्हणून बॅगेत वरच्याच कप्प्यात एक छोटी पिशवी ठेव: खोबरेल तेल किंवा क्लिन्झिंग बाम, कापूस, फेसवॉश, मॉइश्चरायझर, लेन्सची डबी, केसांतल्या पिनांसाठी एक रिकामी डबी. लेन्स काढ, पापण्यांवर तेलाचा बोळा अर्धा मिनिट नुसता धरून ठेव, मग खाली ओढून पुसून घे. केसांतल्या पिना मोजून काढ. मी किती लावल्या ते करवलीला सांगितलेलं असतं, साधारण चाळीसेक तरी असतात.